प्रॅटनबाईंसाठी गिटार वेगळी लावावी लागते

संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

गिटारच्या इतिहासावर काही छापून आले की सोर, जुलियानी, तारेगा, सेगोव्हिया ही नावे ठरलेली असतात. कॅथरिना जोसेफा प्रॅटन (१८२१–१८९५) यांचे नाव आलेच, तर व्हिक्टोरिया राणीच्या लेकीला, राजकन्या लुईझला, शिकवणाऱ्या बाई म्हणून. ही ओळख अपुरी आहे.

त्या माहेरच्या पेल्झर. जन्म जर्मनीतला, वडील फर्डिनांड गिटारवादकच. लहानपणी लंडनला आल्या आणि जुलिओ रेगोंदी या बालवादकासोबत मंचावर वाजवू लागल्या. १८५४ मध्ये बासरीवादक रॉबर्ट सिडनी प्रॅटन यांच्याशी विवाह झाला. १८६८ मध्ये ते वारले. बाईंचे शिकवणे आणि लिहिणे पुढेही चालू राहिले. रचना दोनशेच्या वर भरतात. शोधायच्या तर 'मादाम सिडनी प्रॅटन' या नावाखाली शोधाव्यात. 'कॅथरिना' म्हणून गेलात तर बरेच निसटते.

या रचना 'बैठकीच्या खोलीतल्या, सोप्या' म्हणून बाजूला सारल्या जातात. सोप्या आहेतच, पण त्यांतल्या बऱ्याच ई मेजर ट्यूनिंगसाठी (मोकळ्या तारा छेडल्या की ई मेजर कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारा स्वरसमूह, मिळेल अशी तारांची जुळणी) आहेत, आणि नेहमीच्या ट्यूनिंगमध्ये वाजवून त्यांची पारख होत नाही. पाचवी तार ए वरून बी, चौथी डी वरून ई, तिसरी जी वरून जी शार्प. बाकी तीन जशाच्या तशा. ई ला षड्ज धरला तर सर्वांत जाड सहावीपासून पहिलीपर्यंत सा प सा ग प सा. आता बाराव्या पडद्यावर, अगदी धातूच्या पट्टीच्या वर, बोट नुसते टेकवून छेडा: सहाही तारांतून पूर्ण मेजर कॉर्ड हार्मोनिक्समध्ये (तार न दाबता नुसत्या स्पर्शाने निघणाऱ्या घंटेसारख्या स्वरांत) मिळतो. सातव्यावर पंचमाचा. कमी बोटांत एवढा नाद काढणे हीच बाईंची कारागिरी. उणीवही इथेच आहे: मोकळा गंधार शुद्ध, त्यामुळे कोमल गंधाराच्या मायनर कॉर्डला बोटे अडखळतात.

अशा चढवताना तारा तुटतात त्या घाईमुळे. एक पूर्ण स्वर चढवला की त्या तारेवरचा ताण सुमारे २६ टक्के वाढतो, अर्ध्या स्वराला १२ टक्के. सर्वांत आधी जाते ती चौथी. गुंडाळलेल्या तारांत तीच बारीक, आणि पडद्यांवर घासून जुनी झाली असेल तर हमखास. तीनही तारा आळीपाळीने थोड्या थोड्या चढवाव्यात. ताण वाढला की न बदललेल्या तारा किंचित उतरतात, म्हणून शेवटी सहाही पुन्हा तपासाव्यात. नायलॉन ताणत राहते, तेव्हा काही वेळाने आणखी एकदा.

जुनी, नाजूक गिटार असेल तर हा ताण देऊच नये. त्याऐवजी सहावी, दुसरी आणि पहिली एक स्वर, तिसरी अर्धा स्वर उतरवावी. डी मेजर मिळतो, तारांमधले स्वरांचे अंतर तेच राहते. दुसऱ्या पडद्यावर कॅपो (सगळ्या तारा एकदम दाबून धरणारा चिमटा) लावला की ई. मात्र कॅपोमुळे हार्मोनिक्सच्या जागा दोन पडदे पुढे सरकतात: बाराव्याऐवजी चौदावा.

आपले,
गिटार शिकवणारे दोन वाचक