रविवर्मांसोबत छापखान्याचंही नाव घ्या की

संपादक महोदय,

रविवर्मांवरचा लेख वाचला, छान होता, पण त्यांच्या छापखान्याला दोनच ओळी? अहो, रविवर्मांच्या लक्ष्मी-सरस्वती घराघरात पोचल्या त्या काही तैलचित्रामुळे नाही, छापील प्रतींमुळे; मूळ चित्रं तर संस्थानिकांच्या महालात होती, सामान्य माणसाला बघायलाही मिळत नव्हती. रविवर्मांनी १८९४ मध्ये मुंबईत प्रेस काढला, मशीन जर्मनीचं, माणसं जर्मन, आणि मग तो मळवलीला हलवला, आपल्या लोणावळ्याच्या जरा पुढे.

काम किती किचकट होतं बघा. चुनखडीच्या गुळगुळीत दगडावर तेलकट खडूनं चित्र आरशात दिसतं तसं उलटं काढायचं, प्रत्येक रंगाला वेगळा दगड, तोच कागद पुन्हा पुन्हा मशीनखाली, आणि केसभर जरी सरकला तरी देवीचा लाल ओठ गालावर गेलाच समजा! वर वार्निश, म्हणजे तैलचित्रासारखी चकाकी. लोक मग घरी त्यावर जर-टिकल्या चिकटवायचे ते वेगळंच.

पण धंदा काही जमला नाही, कर्ज झालं आणि प्रेस श्लायशर नावाच्या जर्मन तंत्रज्ञाला विकावा लागला. त्यानं मात्र तो नीट चालवला, काडेपेटीची लेबलं, कॅलेंडरं, काय काय छापलं. ही बाजू कुणी सांगतच नाही, सगळं श्रेय एकट्या चित्रकाराला. १९७२ च्या आगीत कारखान्याचं मोठं नुकसान झालं.

पुढच्या रविवारी दगडावर चित्र काढणाऱ्या त्या कारागिरांवर लिहा ना कुणीतरी, त्यांची तर सहीसुद्धा चित्रावर नसायची.

– एक वाचक, ठाणे