कपाटात अजून सोव्हिएत युनियन

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

गोदीतल्या क्लिअरिंगच्या कामातून निवृत्त झालो आणि हौसेने एलएलबीला नाव घातले. यंदा आंतरराष्ट्रीय कायद्याचा पेपर आहे. संदर्भग्रंथ पाहायला दादरजवळच्या एका ग्रंथालयात गेलो. (नाव लिहीत नाही, तिथली माणसे भली आहेत.) कपाटाची किल्ली सापडेपर्यंत अर्धा तास गेला. हाती आलेल्या जाडजूड ग्रंथात सोव्हिएत युनियन शाबूत होते आणि १९८२चा सागरी कायद्याचा करार 'अद्याप अमलात आलेला नाही' असे छापले होते. समासात कुणीतरी पेन्सिलीने लिहिले होते, 'आला!'

आला तो १९९४ साली. पुढच्याच वर्षी भारतानेही तो मंजूर केला. किनाऱ्यापासून बारा सागरी मैलांची हद्द आणि दोनशे मैलांचे आर्थिक क्षेत्र त्यातच आहे. मुंबईत बसून समुद्राचा कायदा असा शिळा वाचायचा, म्हणजे कमालच!

मग मुले गाइडवर भागवतात. पाकिस्तानने हेरगिरीच्या आरोपावरून फाशी सुनावलेल्या कुलभूषण जाधवांचा खटला भारताने हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात नेला, त्याला माझ्या गाइडात चार ओळी आहेत आणि तात्पर्य काय, तर 'भारत जिंकला'. १७ जुलै २०१९चा तो निकाल पंधरा विरुद्ध एक अशा मतांनी भारताच्या बाजूने लागला हे खरे. अटकेतल्या परदेशी नागरिकाला वकिलातीशी संपर्क साधू द्यायचा, हे १९६३च्या व्हिएन्ना करारातले कलम ३६ पाकिस्तानने मोडले होते. पण न्यायालयाने शिक्षा रद्द केली नाही, सुटकाही फर्मावली नाही. जाधवांना वकिलातीशी संपर्क साधू द्या आणि शिक्षेचा फेरविचार करा, एवढेच सांगितले. गाइडात नेमके हेच गाळले आहे.

निकालपत्र न्यायालयाच्या संकेतस्थळावर फुकट मिळते. ते वाचायचे कसे, हे मात्र शॉ, ब्राउनली अशा लेखकांचे आंतरराष्ट्रीय कायद्यावरचे ग्रंथ हाताशी असले तरच उमगते. शिवाय त्या न्यायालयाच्या संविधीतले, म्हणजे त्याच्या मूळ नियमावलीतले, कलम ३८ नामवंत कायदेपंडितांच्या लिखाणाला कायदा ठरवण्याचे दुय्यम साधन मानते. इतर विषयांत ग्रंथांना एवढा मान क्वचितच.

शहरातल्या ग्रंथालयांनी अशा ग्रंथांची एकेक चालू आवृत्ती घ्यावी. घरी देऊ नये, पण वाचनकक्षात उघड्यावर ठेवावी. शेजारी पाच-सहा महत्त्वाच्या निकालांच्या प्रती छापून, बांधून ठेवाव्यात. वर्गणी काढायची झाली तर यादीत पहिले नाव माझे घालावे.

आपला,
एक वाचक, दादर