बायरन व्हाइटचे तीन मोसम

पुणे

प्रिय अनिरुद्ध,

सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र पोहोचले. महाविद्यालयात नाव गाजवलेला खेळाडू पैसे घेऊन खेळू लागला की दोन-तीन वर्षांत त्याचे पितळ उघडे पडते, असे तू मोठ्या ठामपणे लिहिले आहेस. तू वकील, म्हणून तुझ्याच क्षेत्रातल्या माणसाचे उदाहरण देतो. १९६२ ते १९९३ अशी एकतीस वर्षे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात न्यायमूर्ती असलेले बायरन व्हाइट हे तरुणपणी त्या देशातले अव्वल फुटबॉलपटू होते. (हा फुटबॉल कोल्हापूरच्या पेठांमधला नव्हे, लांबुळका चेंडू छातीशी धरून प्रतिपक्षाची फळी फोडत धावण्याचा तो अमेरिकी खेळ.)

व्हाइट १९१७ साली कोलोरॅडो राज्यात जन्मले आणि वेलिंग्टन नावाच्या लहान गावात, साखरेच्या बीटाच्या शेतांत राबत वाढले. कोलोरॅडो विद्यापीठाकडून खेळताना १९३७ च्या मोसमात त्यांनी चेंडू घेऊन १,१२१ यार्डांची मजल मारली. देशात तेवढी कोणाचीच नव्हती. त्या काळचा मोठा खेळाडू धावायचा, चेंडू फेकायचा, लाथेने उडवायचा आणि पाळी उलटली की बचावालाही उभा राहायचा. युटाविरुद्धचा सामना कोलोरॅडोने १७–७ असा जिंकला आणि ते सतराही गुण एकट्या व्हाइट यांचे होते. मोसमातले आठही सामने जिंकून संघ १ जानेवारी १९३८ रोजी डॅलसच्या कॉटन बोल या मोसमाअखेरच्या मानाच्या सामन्यात उतरला, आणि तिथे मात्र राइस विद्यापीठाकडून २८–१४ असा हरला. वर्षातल्या सर्वोत्तम महाविद्यालयीन खेळाडूला मिळणाऱ्या हाइझमन पुरस्कारात व्हाइट दुसरे आले. पहिला आला येलचा क्लिंट फ्रँक. वार्ताहरांनी व्हाइट यांना ‘व्हिझर’ हे टोपणनाव चिकटवले, ते त्यांना जन्मभर खटकत राहिले.

तुझ्या मुद्द्याचा कस लागतो तो यापुढे. तेव्हा अमेरिकेत प्रतिष्ठा होती ती महाविद्यालयीन फुटबॉलला. व्यावसायिक संघ गरीब होते आणि शिकलेल्या मुलाने तिकडे वळावे असे कोणालाच वाटत नसे. हाइझमनचा अगदी पहिला मानकरी जे बरवँगर व्यावसायिक म्हणून एकही सामना खेळला नाही. व्हाइट यांना तर ऑक्सफर्डची ऱ्होड्स शिष्यवृत्ती मिळालेली होती. पिट्सबर्ग पायरेट्सचे (पुढचे स्टीलर्स) मालक आर्ट रूनी यांनी एका मोसमासाठी १५,८०० डॉलर देऊ केले, तरीही व्हाइट आधी नाहीच म्हणत होते. ऑक्सफर्डने जानेवारी १९३९ मध्ये रुजू होण्याची मुभा दिली, तेव्हा कुठे त्यांनी करारावर सही केली. व्यावसायिक संघांच्या साऱ्या लीगमध्ये एवढे मानधन दुसऱ्या कोणालाही नव्हते. संघ अगदीच दुबळा होता, अकरापैकी दोनच सामने जिंकला. पण धावून सर्वाधिक यार्ड मिळवणाऱ्यांत पहिले नाव या नवख्याचेच होते, ५६७ यार्डांसह.

मोसम संपताच गृहस्थ इंग्लंडला कायदा शिकायला गेले! महायुद्ध सुरू झाल्यावर परतून त्यांनी येलच्या विधी महाविद्यालयात प्रवेश घेतला आणि १९४० व १९४१ चे मोसम डेट्रॉइट लायन्सकडून खेळले. १९४० मध्ये ५१४ यार्डांसह ते पुन्हा लीगमध्ये पहिले आले. तीन मोसमांत दोनदा पहिला येणाऱ्याचे पितळ उघडे पडले असे तू म्हणशील का? पुढे ते नौदलात गेले आणि युद्धानंतर मैदानावर परतलेच नाहीत. कायद्याची पदवी, सरन्यायाधीश व्हिन्सन यांच्याकडे सहायक म्हणून उमेदवारी, डेन्व्हरला वकिली, आणि १९६२ मध्ये केनेडींनी केलेली नेमणूक, असा त्यांचा पुढचा प्रवास झाला. माझ्या मते फुटबॉल त्यांनी मोसमी पीक म्हणून घेतले, पण मशागत मात्र पूर्ण मन लावून केली.

वकील म्हणून तुला रुची वाटावी अशी गोष्ट १९८४ ची आहे. विद्यापीठांचे किती सामने दूरचित्रवाणीवर दाखवायचे यावर महाविद्यालयीन क्रीडा संघटनेने मर्यादा घातली होती. ओक्लाहोमा आणि जॉर्जिया या विद्यापीठांनी ती मक्तेदारीविरोधी कायद्याखाली न्यायालयात नेली आणि सर्वोच्च न्यायालयाने सात विरुद्ध दोन मतांनी ती रद्द ठरवली. विरोधी निकालपत्र लिहिले व्हाइट यांनी, सोबत न्या. रेन्क्विस्ट होते. विद्यापीठाचा खेळ हा शिक्षणाचा भाग आहे, त्याला इतर धंद्यांचा मापदंड लावणे चूक आहे, असा त्यांचा युक्तिवाद होता. लीगमधले सर्वांत मोठे मानधन घेतलेल्या माणसाने हौशी खेळाची बाजू घ्यावी याला कोणी दुटप्पीपणा म्हणेल. मला तो वाटत नाही, कारण त्यांनी पैसे घेतले ते पहिल्या पदवीचा अभ्यास आटोपल्यावर, उघडपणे आणि खेळाडू म्हणून. संघटनेची बाजू घेताना सामन्यांच्या पैशात खेळाडूंचा वाटा किती, याचा विचार त्यांनी पुरेसा केला नाही, हा आक्षेप मात्र मला मान्य आहे. त्या निकालानंतर विद्यापीठांनी दूरचित्रवाणीचे मोठमोठे करार केले, आणि २०२१ मध्ये त्याच न्यायालयाने खेळाडूंच्या शैक्षणिक लाभांवरील संघटनेची बंधने एकमताने मोडली.

ते विरोधी निकालपत्र तू सवडीने वाच आणि कायद्याच्या दृष्टीने ते टिकते का ते मला कळव. तिथे माझा अधिकार नाही. वहिनींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझा,
श्रीधर