दाबोळी बंद करणार नाही म्हणता, मग चालू तरी ठेवा

प्रति,
मा. श्री. राममोहन नायडू,
केंद्रीय नागरी विमान वाहतूक मंत्री, नवी दिल्ली

महोदय, स. न. वि. वि.

नेरुळमध्ये काणकोण-कारवारकडची बरीच कुटुंबं आहेत, त्यातलंच आमचं एक. २५ डिसेंबर २०२५ ला नवी मुंबईहून विमानं उडायला लागली आणि आम्हाला वाटलं, पनवेलच्या फलाटावर रात्री ताटकळणं आता संपलं. विमान दारात आलं खरं, पण उतरायचं कुठे? गोव्याचा नवा मोपा विमानतळ पेडण्यात, महाराष्ट्राच्या सीमेलगत. तिथून काणकोण गाठायचं तर अख्खा गोवा उभा कापावा लागतो. आम्हाला सोयीचा जुना दाबोळी विमानतळच.

तुम्ही श्रीकाकुलमचे. तुमच्याकडची माणसं वर्षानुवर्षं विशाखापट्टणमहून विमान पकडत आली, आणि दाबोळीसारखी ती धावपट्टीही नौदलाचीच, आयएनएस डेगा या तळाची. त्यामुळे टर्मिनल विमानतळ प्राधिकरणाचं, पण धावपट्टी आणि उड्डाण नियंत्रण नौदलाचं, हा संसार कसा चालतो ते तुम्हाला सांगायला नको.

नौदलाबद्दल तक्रार नाही, हे आधीच सांगतो. पोर्तुगीजांनी बांधलेली दाबोळीची धावपट्टी १९६१ नंतर नौदलाकडे आली. आज तिथल्या नौदल तळावर, आयएनएस हंसावर, मिग-२९के लढाऊ विमानं आहेत, आणि विमानवाहू जहाजाच्या चढत्या डेकवरून झेप घेण्याचा सराव जमिनीवर करायची सोयही तिथेच आहे. त्यासाठी कामाच्या दिवशी सकाळचे काही तास प्रवासी विमानांना मिळत नाहीत. ३ जानेवारी २०१८ ला एक मिग धावपट्टीवरून घसरून पेटलं. शिकाऊ वैमानिक वाचला, प्रवासी विमानं मात्र काही काळ खोळंबली. एकाच धावपट्टीवर दोघांनी राहायचं तर हे धरून चालावं लागतं. आमची हरकत नाही.

हरकत आहे ती टोलवाटोलवीला. ‘दाबोळी बंद होणार नाही’ हे आम्ही मोपा सुरू व्हायच्या आधीपासून ऐकतोय. दरम्यान ओमान एअर मोपाला गेली, २०२४ मध्ये कतार एअरवेज गेली. बंदचा आदेश कुणी काढत नाही, विमानं तेवढी एकेक करून निघून जातात. कंपन्यांना तरी काय बोलणार? मोपाला धावपट्टी चोवीस तास मोकळी. दाबोळीचं २०१३ चं टर्मिनल मात्र तुमच्या-आमच्या पैशातून उभं राहिलंय.

मागणं मोठं नाही. सकाळ नौदलाची, ती त्यांच्याकडेच राहू द्या. दुपारनंतर आणि रात्री नवी मुंबई–दाबोळी विमानं असावीत, छोटं एटीआर विमानही चालेल. त्यासाठी संरक्षण मंत्रालयाबरोबर बसून नौदलाचे राखीव तास एकदा पक्के करा आणि दर उन्हाळी-हिवाळी वेळापत्रकाआधी जाहीर करा. कंपनीला पुढचे सहा महिने दिसले तर ती विमान लावेल. आज तिला दिसतं ते फक्त मोपा.

कारवारजवळ अंकोल्यालाही नौदलाच्या विमानतळाला जोडून नागरी टर्मिनल करायची योजना आहे. लोकांनी जमिनी द्यायच्या आणि पुढे तिथेही हाच खेळ, असं असेल तर आत्ताच सांगून टाका.

उत्तर कुठल्याही भाषेत आलं तरी चालेल. त्यात तास आणि तारीख तेवढी असू द्या.

आपला,
नेरुळचा एक प्रवासी