स्क्रिप्ट परत आली म्हणून

प्रिय बंड्या,

चॅनलवाल्यांनी तुझी स्क्रिप्ट परत पाठवली, तुझा तो वैतागलेला लांबलचक मेसेज वाचला आणि मला एकदम एमिल ब्रागिन्स्की आठवला. मॉस्कोचा पटकथाकार, 1921 चा जन्म, एल्दार रियाझानोवबरोबर जोडीनं लिहायचा. म्हणजे सलीम-जावेदच म्हण, फक्त यातला रियाझानोव स्वतःच डिरेक्टर, त्यामुळे सगळं नाव त्याचंच झालं आणि ब्रागिन्स्की बिचारा टायटलमधे राहिला.

या दोघांनी एक पिक्चर लिहिला, हिरो देतोच्किन, साधा विमा एजंट, पण लाचखाऊ आणि काळाबाजारवाल्यांच्या गाड्या चोरतो, विकतो आणि पैसे अनाथाश्रमांना पाठवतो! सरकारी सिनेमाखात्याच्या साहेबांनी अडवलं, का तर लोक बघून गाड्या चोरायला लागतील. आता बोल. यांनी वाद घातलाच नाही, त्याचीच लघुकादंबरी केली, 1964 मधे मासिकात छापून आणली, आणि एकदा छापून आलेल्या गोष्टीला नाही म्हणणं साहेबांनाही अवघड, मग 1966 मधे पिक्चर आला. त्यातली भारी गंमत म्हणजे चोर आणि त्याच्या मागावरचा पोलीस एकाच हौशी नाटकमंडळीत असतात, चोर हॅम्लेट आणि पोलीस लेआर्टिस!

पुढे मग आधी नाटक लिहायचं, ते गावोगावी लागलं की पिक्चर, हीच सवय लागली. 'नशिबाची थट्टा'चं नाटक 1969 चं, टीव्हीवर आलं 1 जानेवारी 1976 ला, दोन भागांत, तीन तासांचं. मॉस्कोचा डॉक्टर थर्टीफर्स्टला मित्रांबरोबर हमामात पिऊन टाइट, चुकून लेनिनग्राडच्या विमानात, उतरल्यावर टॅक्सीवाल्याला स्वतःचाच पत्ता सांगतो, तर तिथेही तोच रस्ता, तशीच बिल्डिंग, आणि याच्या किल्लीनं दार उघडतं! सरकारी घरबांधणीची एवढी टिंगल, पण लव्हस्टोरीच्या आडून, म्हणून खपली, वर 1977 मधे सरकारनंच पुरस्कार दिला.

'गॅरेज' (1979) तर मॉसफिल्म या मॉस्कोच्या सरकारी स्टुडिओतल्या लोकांच्या गॅरेज सोसायटीच्या खऱ्या मीटिंगवरून सुचलेला, चार मेंबरांना गॅरेजच्या यादीतून काढायचं आणि रात्रभर भांडणं. आपल्या सोसायटीची एजीएम आठवली की नाही?

तर तू चॅनलच्या नादी लागू नकोस, त्या स्क्रिप्टचं दोन अंकी नाटक कर आणि राज्य नाट्य स्पर्धेला दे. फक्त त्या बँकेतल्या सीनमधली आजी कापू नकोस, उलट तिला अजून दोन वाक्यं दे.

वहिनींना नमस्कार.

तुझा,
अव्या