कंपनी मागते तो आयडी नेमका कोणता?

पुणे, रविवार

प्रिय सुधीर,

सप्रेम नमस्कार.

तुझा निरोप मिळाला. वहिनींची कँडी क्रश नव्या फोनवर पहिल्या लेव्हलपासून सुरू झाली, कंपनीला लिहिलं तर ‘प्लेयर आयडी (म्हणजे गेममधला खेळाडूचा ओळखक्रमांक) कळवा’ असं उत्तर आलं, आणि तू कुठल्याशा साइटवरून फेसबुक प्रोफाइलचा लांबलचक आकडा काढून पाठवून दिलास. त्या आकड्याचा बहुतेक काही उपयोग होणार नाही. फोनवर सांगितलं तर तू अर्धं विसरशील, म्हणून लिहितोय. समोर ठेव आणि एकेक करत जा.

सगळ्यात आधी एक पथ्य. नव्या फोनवर गेम उघडून तिथे जो आयडी दिसतोय, तोच ‘हरवलेलं खातं’ म्हणून कळवू नकोस. गेम नव्या फोनवर टाकला आणि लॉगिन न करता ‘प्ले’ दाबलं की तो गपचूप एक नवं पाहुणं खातं उघडतो, ज्याला गेस्ट म्हणतात. त्याला स्वतःचा वेगळा आयडी मिळतो. तो कंपनीला पाठवलास की पलीकडचा माणूस ते खातं उघडतो, त्याला लेव्हल तीन दिसते आणि तो उत्तर देतो, ‘तुमचं खातं व्यवस्थित आहे’. अर्धी भांडणं इथेच होतात. म्हणजे वहिनींचे आत्ता दोन आयडी आहेत, जुना आणि कालचा. शोधायचा आहे जुना.

नावावरून का शोधत नाहीत, असं तू विचारलंस. गावात चार सुधीर पाटील असतात, म्हणून सातबारा गट नंबरावरून काढतात ना? तसंच. गेममधलं नाव कधीही बदलता येतं आणि एकाच नावाचे कितीतरी खेळाडू असतात. आयडी बदलत नाही.

आता फेसबुकचा आकडा का चालत नाही ते सांगतो, कारण हे कळलं की पुढचं सोपं आहे. पूर्वी तुझ्या प्रोफाइलला जो एक क्रमांक असे, तोच सगळ्या गेमना दिसायचा. ३० एप्रिल २०१४ ला फेसबुकने ॲप बनवणाऱ्यांसाठी नवी व्यवस्था आणली आणि तेव्हापासून प्रत्येक ॲपला त्याच माणसाचा वेगळा क्रमांक मिळतो. म्हणजे कँडी क्रशला वहिनींचा एक आकडा दिसतो, एट बॉल पूलला दुसरा. ‘तुमचा फेसबुक आयडी शोधा’ म्हणणाऱ्या साइट देतात तो तिसराच, मूळ प्रोफाइलचा. अपवाद एकच: ज्यांनी त्या बदलाच्या आधी एखाद्या गेममध्ये फेसबुकने प्रवेश केला होता, त्यांचा त्या गेमपुरता जुना क्रमांक कायम राहिला. कँडी क्रश एप्रिल २०१२ मध्ये आधी फेसबुकवरच आली आणि मोबाइलवर त्याच वर्षी नोव्हेंबरात, त्यामुळे असे जुने खेळाडू पुष्कळ आहेत. वहिनी त्यातल्या असतील तर तुझा आकडा नशिबाने बरोबरही असेल. पण नशिबावर कशाला सोडायचं?

योग्य आकडा फेसबुकच्याच आत मिळतो. वहिनींच्या फेसबुकमध्ये तीन आडव्या रेघांचा मेनू उघड, तिथून ‘सेटिंग्ज अँड प्रायव्हसी’, मग ‘सेटिंग्ज’, आणि खाली सरकत ‘ॲप्स अँड वेबसाइट्स’. सापडलं नाही तर सेटिंग्जच्या वरच्या शोधपट्टीत ‘ॲप्स’ टाइप कर. तिथे फेसबुकने जिथे जिथे लॉगिन केलं त्यांची यादी येते. कँडी क्रशच्या नावावर टॅप कर आणि आलेल्या पानावर पार तळापर्यंत जा. कंपनीशी संपर्क साधण्याबद्दलचा मजकूर असतो, तिथे ‘युजर आयडी’ म्हणून आकडा दिलेला असतो. हा गेमचा स्वतःचा प्लेयर आयडी नव्हे, पण त्या गेमला वहिनी याच क्रमांकाने माहीत आहेत, त्यामुळे याच्यावरून कंपनीला खातं शोधता येतं.

यादीत गेमच्या पुढे ‘एक्स्पायर्ड’ दिसलं तर घाबरू नकोस. ९० दिवस एखादं ॲप वापरलं नाही की फेसबुक त्याची माहिती घेण्याची परवानगी थांबवतं, एवढाच त्याचा अर्थ. पुन्हा फेसबुकने लॉगिन केलं की परवानगी परत मिळते. मात्र तिथेच ‘रिमूव्ह’चं बटण आहे. प्रकरण मिटेपर्यंत त्याला हात लावू नकोस. आणि यादीत गेमच नसेल, तर वहिनींनी तो फेसबुकला कधी जोडलाच नव्हता, किंवा त्यांचं फेसबुक खातं दुसरं होतं. हे दुसरं कारण वाटतं त्याहून फार सापडतं: जुन्या नंबरवर उघडलेलं एक फेसबुक, पासवर्ड विसरल्यावर उघडलेलं दुसरं. गेमच्या दृष्टीने ती दोन वेगळी माणसं. जुनं फेसबुक खातं कायमचं डिलीट करायला टाकलं असेल तर ३० दिवसांच्या आत लॉगिन करून ते परत मिळवता येतं. त्यानंतर गेमपर्यंत जायची ती वाटच बंद.

आता जुना फोन. विकला नाहीस ना अजून? तो चालू होत असेल तर वरचं सगळं सोड, तिथेच गेम उघड. आयडी कुठे असतो याची जागा प्रत्येक अपडेटला थोडी हलते, पण तीनच ठिकाणं बघायची: वरच्या कोपऱ्यातला प्रोफाइलचा फोटो, दातेरी चाकाच्या चिन्हाची सेटिंग्ज, आणि सेटिंग्जच्या आतलं ‘हेल्प’ किंवा ‘अबाउट’. यापैकी एका जागी तो बारीक अक्षरांत असतोच. ज्या आकड्यात मध्ये मध्ये टिंबं आहेत, तो गेमच्या आवृत्तीचा क्रमांक, आयडी नाही. लोक तोही हौसेने पाठवतात.

जुन्या फोनवर गेम उघडला असतानाच सेटिंग्जमधून तो फेसबुकला किंवा कंपनीच्या स्वतःच्या खात्याला जोडून टाक, मगच नव्या फोनवर त्याच मार्गाने लॉगिन कर. तिथे एक प्रश्न विचारणारी चौकट येऊ शकते: या फोनवरची प्रगती ठेवायची की खात्यातली? तिथे ‘ओके’ दाबायची घाई करू नकोस. लेव्हलचे आकडे दिलेले असतात, ते वाच आणि मोठ्या आकड्याची बाजू निवड. चुकीची निवडलीस तर चांगल्या खात्यावर कालचं रिकामं खातं लिहिलं जाऊ शकतं. जुन्या फोनवरून गेम काढूही नकोस, आणि अँड्रॉइडच्या सेटिंग्जमध्ये ‘क्लिअर डेटा’ तर मुळीच नको. ‘क्लिअर कॅश’ने काही बिघडत नाही. पण दोन्ही बटणं शेजारी असतात आणि पाहुणं खातं ‘क्लिअर डेटा’ने पुसलं जातं.

अथर्वच्या गेमचंही विचारलंयस. त्याचं सोपं आहे. बीजीएमआय, म्हणजे बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया, त्यात लॉबीच्या (गेम उघडल्यावरच्या मुख्य पानाच्या) वरच्या कोपऱ्यातल्या फोटोवर टॅप केलं की नावाजवळ आकडा दिसतो आणि शेजारी कॉपीचं चिन्ह. त्यालाच कॅरेक्टर आयडी म्हणतात. बक्षिसाचे कोड अधिकृत साइटवर भरताना हाच लागतो आणि वस्तू गेमच्या आतल्या मेलमध्ये येते. त्याला फेसबुकने लॉगिन होत नसेल तर फोनवर फेसबुकचं ॲप आहे का ते बघ. ऑक्टोबर २०२१ पासून अँड्रॉइडवर ॲपच्या आत उघडणाऱ्या छोट्या ब्राउझरमधून फेसबुक लॉगिन बंद केलंय, त्यामुळे ॲप नसलं की बरेच जण अडकतात.

फ्री फायर मॅक्समध्ये त्याला यूआयडी म्हणतात. वर डावीकडच्या नावाच्या पट्टीवर टॅप केलं की प्रोफाइलमध्ये दिसतो. इथे मेख अशी की बक्षिसाचे कोड भरायच्या साइटवर यूआयडी चालत नाही, गेम ज्या खात्याला जोडलाय त्यानेच लॉगिन करावं लागतं. पाहुण्या खात्याला कोड वापरताच येत नाही. अथर्वची ‘कोड लागत नाही’ ही तक्रार बहुतेक यामुळेच असणार.

तुझा एट बॉल पूल: वरचा फोटो दाब, नावाखाली ‘युनिक आयडी’ असतो, मध्ये आडव्या रेघा देऊन तोडलेला. लुडो किंग, जो आपल्या नवी मुंबईतल्या कंपनीचा आहे, त्यात प्रोफाइलमध्येच आयडी मिळतो. फक्त मित्रांना खेळायला बोलावताना पाठवतोस तो रूम कोड वेगळा. तो त्या डावापुरता असतो, तक्रारीत त्याला काही किंमत नाही.

क्लॅश ऑफ क्लॅन्सचा प्रकार मात्र मजेशीर आहे. तिथे आयडीला प्लेयर टॅग म्हणतात, तो हॅशच्या चिन्हाने सुरू होतो आणि त्यात फक्त चौदाच अक्षरं-अंक येऊ शकतात: ०, २, ८, ९ आणि पी, वाय, एल, क्यू, जी, आर, जे, सी, यू, व्ही. यात ओ नाही, आय नाही, बी नाही. म्हणून टॅगमध्ये गोल काही दिसलं तर ते शून्यच, आणि बी वाटला तर तो आठ. ‘असा खेळाडू सापडत नाही’ हे उत्तर बहुतेक वेळा शून्याच्या जागी ओ लिहिल्यामुळेच येतं. क्लॅनचाही, म्हणजे खेळाडूंच्या गटाचाही, टॅग हॅशनेच सुरू होतो, त्यामुळे तो पाठवत नाहीस ना हे बघ.

बाकीच्या गेममध्ये ही सोय नाही, म्हणून आयडी हाताने कधीच उतरवू नकोस. कॉपीचं बटण दाब आणि व्हॉट्सॲपवर स्वतःलाच पाठव. बटण नसेल तर स्क्रीनशॉट काढून गूगल लेन्सने अक्षरं उचल. फॉर्ममध्ये टाकताना आणखी एक आपली खास अडचण येते: कीबोर्ड मराठीवर असेल तर देवनागरी अंक उमटतात, आपल्याला आकडा बरोबर दिसतो आणि फॉर्म म्हणतो ‘चूक’. इंग्रजी कीबोर्डवर जाऊन इंग्रजी अंक टाक. चिकटवताना शेवटी मोकळी जागा राहिली तरी काही फॉर्म तक्रार करतात.

जुना फोन बंद पडला असेल आणि फेसबुकच्या यादीतही काही नसेल, तरी वाटा आहेत. वहिनी ज्यांच्याबरोबर खेळतात त्या मैत्रिणीच्या फोनवर मित्रयादीत वहिनींचं नाव उघडायला सांग. बऱ्याच गेममध्ये दुसऱ्याच्या प्रोफाइलवरही आयडी दिसतो. गूगल फोटोजमध्ये गेमचं नाव टाकून जुने स्क्रीनशॉट शोध. मेलमध्ये कंपनीचं नाव शोध, कारण पूर्वी गेमच्या आतून कधी तक्रार केली असेल तर आयडी आपोआप जोडला जातो आणि उत्तराच्या मेलमध्ये तो सापडू शकतो. आणि कधी पैसे भरून काही घेतलं असेल, मग ते एकदाच का असेना, तर पावती शोध. प्ले स्टोअरच्या पावतीवर जीपीएने सुरू होणारा ऑर्डर नंबर असतो. त्यात आयडी नसतो, पण ती खरेदी कुठल्या खात्यात जमा झाली हे कंपनी त्यावरून शोधू शकते. माझ्या मते खातं तुमचंच आहे याचा याहून चांगला पुरावा नाही.

तक्रार शक्यतो नव्या फोनवरच्या गेमच्या आतूनच कर आणि पहिल्याच वाक्यात स्पष्ट लिही: ‘हे नवं खातं आहे, मला जुनं हवंय’. मग जुना आयडी किंवा फेसबुकमधला युजर आयडी, गेममधलं नाव, शेवटची लेव्हल साधारण किती, शेवटचं कधी खेळल्या, जुन्या फोनचं मॉडेल, लॉगिन कशाने होतं, आणि असल्यास ऑर्डर नंबर. सोप्या इंग्रजीत, सात-आठ ओळी बास. उत्तर आलं नाही म्हणून रोज नवी तक्रार टाकू नकोस, त्याच धाग्यात उत्तर दे, नाहीतर प्रत्येक वेळी नवा माणूस पहिल्यापासून विचारत बसतो.

तुझ्या भीतीबद्दल. नुसता आयडी कुणाला कळला तर फारसं बिघडत नाही. तो मित्र जोडायला, बक्षीस पाठवायलाच असतो. जपायचा आहे तो ऑर्डर नंबर. आयडी आणि पावती दोन्ही ज्याच्या हाती लागली, तो कंपनीला ‘मीच मालक’ म्हणून पटवू शकतो. म्हणून ग्रुपवर मदत मागताना पावतीचा फोटो टाकू नकोस. पासवर्ड आणि ओटीपी तर कंपनीलाही लागत नाहीत.

अथर्वला मात्र बसवून सांग. ‘आयडी टाका, फुकट यूसी (बीजीएमआयमधलं चलन) मिळवा’ म्हणणाऱ्या साइट पहिल्या पायरीला फक्त आयडी मागतात, म्हणून मुलांना त्यात धोका वाटत नाही. दुसऱ्या पायरीला हुबेहूब फेसबुकसारखं खोटं लॉगिनचं पान येतं, आणि तिथे पासवर्ड टाकला की खातं गेलं. आणि तू पैसे देऊन यूसी भरत असशील तर आयडी टाकल्यावर खेळाडूचं नाव दिसतंय का ते बघून मगच पैसे दे. एक आकडा चुकला तर यूसी परक्याच्या खात्यात जातं आणि परत मिळणं कठीण. खरोखर पैशांची फसवणूक झाली तर उशीर न करता १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करायचा.

फार्मव्हिलच्या तुझ्या जुन्या शेताचं मात्र विसर. तो ज्यावर चालायचा ते फ्लॅश तंत्र बंद होत असल्याने तो खेळ फेसबुकवर ३१ डिसेंबर २०२० ला बंद झाला. त्याचा आयडी सापडला तरी आता उघडायला शेतच नाही.

आज रात्री आधी जुना फोन चार्जिंगला लाव. चालू झाला तर बाकी काही करायच्या आधी आयडीचा स्क्रीनशॉट काढ आणि मला पाठव, पावतीचा नको. वहिनींना नमस्कार सांग.

तुझा,
मिलिंद