पडद्यामागून गाणारी आतांग

मनिला

ती. आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

बाबा, इकडच्या लोकांचा स्वतःचा सिनेमा कधी सुरू झाला, असं तुम्ही मागे फोनवर विचारलं होतंत. १२ सप्टेंबर १९१९ रोजी ‘दालागांग बुकिद’ लागला, तेव्हापासून. फिलिपिनो माणसाने काढलेला तो पहिला कथापट. आपल्याकडे दादासाहेब फाळके, तसे इथे होसे नेपोमुसेनो. पण मला लिहायचंय ते त्यांच्या नायिकेबद्दल, आतांग दे ला रामाबद्दल.

आतांग लहानपणीच पोरकी झाली. थोरल्या बहिणीने आणि मेहुण्यांनी तिला वाढवलं. सातव्या वर्षी ती स्पॅनिश सारसुवेलात गात होती. सारसुवेला म्हणजे इकडचं संगीत नाटक. आई, ‘दालागांग बुकिद’ हेही मुळात नाटकच, आणि त्याची गोष्ट ऐकून तुला ‘शारदा’च आठवेल. फुलं विकणारी आंजेलिता, तिला पैशापायी एका म्हाताऱ्या सावकाराच्या गळ्यात बांधू पाहणारे आईबाप, आणि तिच्या मनात मात्र कायदा शिकणारा एक तरुण. रंगभूमीवर आतांग आंजेलिता झाली तेव्हा जेमतेम पंधरा वर्षांची होती. त्या काळात आपल्याकडे बायकांच्या भूमिका बालगंधर्व करत होते!

चित्रपट मूक होता. तरी लोकांना तिचं गाणं हवंच होतं. मग खेळ चालू असताना आतांग पडद्यामागे उभी राहून ‘नाबासाग आंग बांगा’ प्रत्यक्ष गायची. साथीला पियानो, व्हायोलिन आणि ट्रम्पेट. पाण्याचा घडा फुटल्याचं हे गाणं, आपल्या गवळणींच्या जवळचं.

तो चित्रपट आज कुठेच नाही. एकही प्रत उरली नाही. मला याची फार हळहळ वाटते. पण आतांगचं नाव उरलं, कारण ती सिनेमावर विसंबून राहिली नाही. अमेरिकी अमलात सगळीकडे परकी गाणी वाजत असताना तिने कुंदिमान, म्हणजे इथली जुनी प्रेमगीतं, हट्टाने गाजवली. मोठ्या नाट्यगृहांत गायली तशीच गावच्या चौकात आणि कोंबड्यांच्या झुंजीच्या आखाड्यातही गायली. मला तिचं हेच सगळ्यात मोठं वाटतं. तिचे यजमान आमादो हेर्नांदेस कवी आणि कामगार पुढारी. १९५१ मध्ये सरकारने त्यांना बंडाच्या आरोपाखाली तुरुंगात टाकलं. पाच वर्षांनी जामीन मिळाला, आणि निर्दोष ठरायला १९६४ उजाडलं. ते सगळं तिने त्यांच्याबरोबर सोसलं.

१९८७ मध्ये तिला राष्ट्रीय कलावंत हा कलेतला इथला सर्वोच्च मान मिळाला. हेर्नांदेसना तो १९७३ मध्येच, पण मरणोत्तर मिळाला होता. ती १९९१ मध्ये गेली.

आई, ते घड्याचं गाणं इथले गायक अजून म्हणतात. बाबांच्या फोनवर पाठवलंय. दोनदा तरी ऐक, आणि चाल आपल्या कोणत्या रागाकडे झुकते ते मला सांग. बाबा, आवाज मोठा करून द्या तिला.

तुमची लेक